गोठलेल्या समुद्रावर

लहान मुलांच्या गोष्टींत एक समुद्र असतो. तो एकाएकीं गोठलेला असतो. त्याच्या लाटा जेथल्या तेथें थबकलेल्या असतात, आणि त्यावर पाऊल टाकणाऱ्या राजपुत्राला काळाचा कांहीं हिशेब लागत नाहीं. तो घटकाभर विसावतो आणि घरीं परततो, तों त्याच्या धाकट्या भावाचे नातू म्हातारे झालेले असतात.

अशी गोष्ट मोठीं माणसें हंसून सोडून देतात. परंतु पुराणांतही तिचें एक भावंड आहे. रैवत ककुद्मी नांवाचा राजा आपल्या रेवती नांवाच्या कन्येस कोणता वर योग्य, हें विचारण्यासाठीं ब्रह्मदेवाकडे गेला. तेथें गायन चाललें होतें. तें संपेपर्यंत राजा थांबला. गायन संपल्यावर ब्रह्मदेवानें हंसून सांगितलें कीं, तुझ्या मनांतले वर, त्यांचे पुत्र आणि पौत्र सारे केव्हांच गेले. येथें एक गायन झालें, तेवढ्यांत पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगें लोटलीं. एका चतुर्युगाचीं ४३ लक्ष २० हजार वर्षें धरलीं, तर हा हिशेब साडेअकरा कोटि वर्षांच्या वर जातो.

श्रोत्यांना नवल वाटेल, परंतु असा गोठलेला समुद्र खरोखरच आहे, आणि तो पाहण्यासाठीं उत्तर ध्रुवाकडे जावें लागत नाहीं. साताऱ्यास अजिंक्यताऱ्यावर उभें राहिलें असतां चोहोंकडे जे सपाट माथे दिसतात, ते त्याच समुद्राचे उरलेले थर. सांगलीस कृष्णेच्या घाटाची पायरी ज्या काळ्या दगडाची आहे, तो त्याच जातीचा दगड. मात्र हा समुद्र पाण्याचा नव्हता. वितळलेल्या दगडाचा होता. आणि काळाची जी उलटी चाल गोष्टींत कल्पनेनें आणलेली असते, ती येथें दगडांतच लिहिलेली आहे. ती वाचावी कशी, एवढेंच शिकावें लागतें.

सुमारें ६ कोटि ६० लक्ष वर्षांपूर्वीं, म्हणजे पुराणांच्या मापानें पंधरा चतुर्युगांपूर्वीं, पश्चिम भारताची भूमि लांबच लांब भेगांनीं उलली. त्या भेगांतून शिलारस वर आला. ज्वालामुखीच्या चित्रांत शंकूच्या टोंकांतून आग उसळतांना दाखवतात, तसा तो प्रामुख्यानें आला नाहीं. चुलीवरचें दूध उतू जावें आणि ओट्यावर पसरत जावें, तसा तो पसरला. एक थर पसरला, गोठला. त्यावर दुसरा आला, तोही गोठला. असे थरांवर थर चढत सह्याद्रीच्या बाजूस त्यांची जाडी हजार मीटरांच्याही वर गेली. आज पावसानें आणि नद्यांनीं पुष्कळ भाग वाहून नेल्यावरही जो शिल्लक आहे, तोच सुमारें ५ लक्ष चौरस किलोमीटर भरतो. इंग्रजींत यास ‘डेक्कन ट्रॅप’ म्हणतात. ट्रॅप हा शब्द जिन्याचा अर्थ असलेल्या एका स्वीडिश शब्दावरून आला, आणि घाटांतले पायऱ्यापायऱ्यांचे डोंगर ज्यानें पाहिले आहेत त्याला तो पटतो. मराठींत हा साधा काळा कातळ. शास्त्राच्या भाषेंत असिताश्म.

या समुद्रास किनाराही आहे. सांगलीच्या दक्षिणेस, बेळगांव जिल्ह्यांत, गोकाकला घटप्रभा ज्या कड्यावरून उडी घेते, तो कडा या काळ्या दगडाचा नाहीं. तो त्याहून किती तरी जुन्या वालुकाश्माचा आहे. त्या बाजूस काळे थर पातळ होत होत संपतात. पूर्वेकडे मात्र हा समुद्र विलक्षण दूर पोहोंचला. आंध्रांत राजमहेंद्रीजवळ, जेथें गोदावरी बंगालच्या उपसागराकडे वळते, तेथें असिताश्माचे कांहीं थर सांपडतात. त्यांची रासायनिक घडण आंबेनळी आणि महाबळेश्वर येथील थरांशीं जुळते. त्यावरून शास्त्रज्ञांनीं असें अनुमान काढलें आहे कीं, सह्याद्रीच्या बाजूस निघालेला शिलारस त्या काळच्या नद्यांच्या खोऱ्यांतून सुमारें एक हजार किलोमीटर वाहत गेला. महाबळेश्वर आणि राजमहेंद्री हीं एकाच पुराचीं दोन टोंकें आहेत, असें म्हटल्यास अतिशयोक्ति होणार नाहीं.

आतां काळाची उलटी चाल कोठें दिसते, तें पाहावयाचें. महाबळेश्वराहून पोलादपुराकडे उतरणारा आंबेनळीचा घाट हा या समुद्राचा उभा छेद आहे. रस्त्यासाठीं डोंगर जेथें कापला आहे, तेथें काळ्या दगडाचा कित्येक पुरुष उंचीचा एक थर दिसतो. त्यावर दुसरा, त्यावर तिसरा. आणि कोठें कोठें दोन काळ्या थरांच्या मध्यें विटेच्या रंगाचा एक तांबडा पट्टा असतो; कधीं वीतभर, कधीं हातभर, कधीं त्याहून थोडा जाड. विहिरी खणणारे लोक या तांबड्या मातीस गेरू म्हणतात.

कोणत्याही शहाण्या माणसास विचारावें कीं, या भिंतींत अधिक काळ कोठें सांठला आहे? तो उंच काळ्या कड्याकडे बोट दाखवील. जाड थराला अधिक काळ लागला असेल आणि पातळ पट्ट्याला थोडा, हा हिशेब व्यवहाराला धरून आहे. वस्तुस्थिति मात्र नेमकी उलट आहे. शिलारसाचा चाळीस फूट जाडीचा थर वरून आणि खालून निवत घट्ट होण्यास एकदोन वर्षें पुरतात. पण तो गोठल्यावर पुढचा शिलारस येईपर्यंत भूमि रिकामी पडून राहिली. तिच्यावर पाऊस पडला, ऊन पडलें. दगडाचा पृष्ठभाग कुजला, त्याची माती झाली, मातींतलें लोह गंजून तांबडें झालें. अशी वीतभर माती होण्यास हजारों वर्षें लागतात. मग एके दिवशीं पुन्हां शिलारस आला, त्यानें ती माती भाजून काढली आणि तिच्यावर झांकण घातलें. म्हणून काळा कडा ही एक घटना आहे. तांबडा पट्टा हें एक युग आहे.

एखाद्या जुन्या घराण्याच्या जमाखर्चाच्या वहीची उपमा येथें शोभेल. वहीचीं चाळीस पानें एका लग्नाच्या खर्चानें भरलेलीं असावीं. मग एक आडवी रेघ असावी. आणि पुढच्या पानावर वीस वर्षांनंतरच्या मुंजीचा खर्च सुरू व्हावा. वही वजनानें तोलणारा म्हणेल कीं, त्या घरांत लग्नें आणि मुंजीच होत होत्या. घरचा संसार, रोजचें जेवणखाण, आजारपण, मुलांचें वाढणें, हें सारें त्या रेघेंत आहे. आंबेनळीच्या घाटांतील तांबडा पट्टा ही ती रेघ होय.

ही केवळ उपमा नव्हे, याचा एक मोठा पुरावा आहे. शास्त्रज्ञांनीं या थरांचे जे गट पाडले आहेत, त्यांतील सर्वांत वरच्या आणि सर्वांत विशाल गटाला ‘वाई उपगट’ असें नांव आहे; आणि त्याच्या पोटविभागांना पोलादपूर, आंबेनळी, महाबळेश्वर, पन्हाळा अशीं गांवांचीं व घाटांचीं नांवें आहेत. ढोल्या गणपतीच्या आणि कृष्णेच्या घाटांच्या या गांवाचें नांव जगांतल्या भूगर्भशास्त्राच्या ग्रंथांतून येतें, याची वाईकरांना कल्पनाही नसेल. २०१९ सालच्या फेब्रुवारींत अमेरिकेंतील ‘सायन्स’ या नियतकालिकाच्या एकाच अंकांत या थरांच्या वयाविषयीं दोन निबंध प्रसिद्ध झाले. एका मंडळीनें काळ्या दगडांतच सांठलेल्या आर्गॉन वायूवरून वय काढलें. दुसऱ्या मंडळीनें काळा दगड बाजूस ठेवला आणि मुख्यतः तांबडी माती उचलली. त्या मातींत वाळूच्या कणाहूनही बारीक असे झिरकॉन नांवाचे स्फटिक सांपडतात. ते या शिलारसाचे नव्हेत. दूर कोठें तरी दुसऱ्या ज्वालामुखींचे स्फोट झाले, त्यांची राख वाऱ्यानें आली आणि मातीवर बसली, तिच्याबरोबर ते आले. झिरकॉनमध्यें युरेनियमाचें शिसें होत असतें, आणि तें ठरलेल्या गतीनें होतें. म्हणून तो कण म्हणजे किल्ली दिलेलें घड्याळ होय. तें घड्याळ सांपडलें कोठें? उंच कड्यांत नाहीं, पातळ मातींत.

दोन्ही मंडळींचें एका गोष्टीवर एकमत झालें: हा सारा प्रचंड प्रकार दहा लक्ष वर्षांच्या आंत आटोपला. पुराणांतील एका द्वापरयुगास ८ लक्ष ६४ हजार वर्षें दिलीं आहेत, त्याच्या आगेमागे. मतभेद राहिला तो असा कीं, शिलारस चार मोठ्या उसळ्यांनीं आला, कीं त्या मानानें सारखा येत राहिला. या प्रश्नाचें महत्त्व साताऱ्यापुरतें नाहीं. त्याच सुमारास मेक्सिकोंतील युकातान द्वीपकल्पावर एक प्रचंड अशनि आदळला, आणि त्याच सुमारास डायनोसॉर नांवाचे महाकाय सरपट प्राणी पृथ्वीवरून नाहींसे झाले. त्यांचा घात अशनीनें केला, दक्षिणेंतल्या या शिलारसाच्या वाफांनीं केला, कीं दोघांनीं मिळून केला, याचा निवाडा करावयाचा तर आंबेनळीच्या घाटांत कोणता थर केव्हां आला, हें ठाऊक असावें लागतें.

या समुद्राविषयीं आणखी एक समज दुरुस्त करावा लागतो. सज्जनगड, चंदन-वंदन, वैराटगड, पांडवगड हे डोंगर जमिनींतून वर उसळले, असें पाहणाऱ्यास वाटतें. येथें डोंगर वर आले नाहींत. दऱ्या खालीं गेल्या. कृष्णा, वेण्णा, उरमोडी, कोयना यांनीं सलग थर कापून काढले, आणि कापतांना जें उरलें त्यास डोंगर हें नांव पडलें. म्हणूनच जवळजवळच्या गडांचे माथे सपाट आणि पुष्कळदां सारख्या उंचीचे दिसतात. घट्ट थराचा कडा झाला, ठिसूळ थराची माची झाली. ज्यांनीं गड बांधले त्यांनीं हें शास्त्र शिकलें नव्हतें, परंतु तट कोठें बांधावा लागत नाहीं आणि घरें कोठें मांडतां येतात, तें त्यांनीं याच थरांवरून ओळखलें.

साताऱ्याहून यवतेश्वराच्या घाटानें पंचवीस किलोमीटर गेलें म्हणजे कासचें पठार लागतें. समुद्रसपाटीपासून सुमारें बाराशें मीटर उंचीवरचा हा या गोठलेल्या समुद्राचा वरचा पापुद्रा होय. पांचगणीच्या टेबललँडप्रमाणें येथेंही काळ्या दगडाच्या डोक्यावर जांभ्याची टोपी आहे. लक्षावधि वर्षांच्या पावसानें काळ्या दगडांतलें विरघळण्याजोगें तें सारें धुवून नेलें आणि लोह व ॲल्युमिनियम मागें ठेवलें, तोच हा जांभा. त्यावर माती किती? बहुतेक ठिकाणीं बोटें मोजावीं इतकी. कोठें कोठें तेवढीही नाहीं. नुसता सडा आणि त्यांतल्या खळग्यांतून सांठलेलें पाणी.

एवढ्याशा मातीवर जें उगवतें, त्यासाठीं २०१२ सालीं सह्याद्रीच्या इतर स्थळांबरोबर कासलाही जागतिक वारशाचा मान मिळाला. येथें वायतुरा नांवाची एक पाणवनस्पति आहे. तिच्या शास्त्रीय नांवांतच सातारा आहे. मातींत नत्र थोडें, म्हणून कीटक धरून खाणाऱ्या दवबिंदूसारख्या वनस्पति येथें आहेत, सीतेच्या आसवांचे निळे-जांभळे गालिचे आहेत. आणि येथें टोपली कारवी आहे. ती दरवर्षीं फुलत नाहीं. सहा पावसाळे ती नुसती हिरवी उभी राहते, सातव्या वर्षीं सारी एकदम फुलते, बीं टाकते आणि मरते. पहिल्या इयत्तेंतल्या मुलानें बापाच्या खांद्यावरून तिचा बहर पाहिला, तर पुढचा बहर तें आठव्या इयत्तेंत गेल्यावर पाहील. तोंपर्यंत त्याचा आवाज फुटलेला असेल.

या हिशेबांत माणसाचा पाय कोठें बसतो? टोपली कारवीच्या ताटव्यांत छायाचित्रासाठीं बसलेल्या मंडळींस तेथें पांच मिनिटें लागतात. पांच मिनिटांत मोडलेलें झाड बीं टाकण्यापूर्वींच मोडलें, तर त्याचीं सात वर्षें गेलीं. त्याच्या खालची माती दाबून घट्ट झाली आणि पुढच्या पावसांत वाहून गेली, तर जें गेलें त्याचा हिशेब सातांनीं होत नाहीं. पठारावर पाहणाऱ्यास वाटतें कीं, एवढा मोठा दगड आहे, त्याला काय होणार? दगडाला खरोखरच कांहीं होत नाहीं. जें होतें तें बोटभर मातीला होतें, आणि जीव सारा त्या बोटभरांत आहे.

पृष्ठभाग असा, मग या समुद्राचा तळ कोठें? हा प्रश्न एका मोठ्या संकटांतून पुढें आला. पाटण तालुक्यांत कोयनेवर धरण झालें आणि १९६१-६२ पासून शिवसागर भरूं लागला. ११ डिसेंबर १९६७ रोजीं पहांटे, माणसें झोंपेंत असतां, कोयनानगरच्या परिसरांत ६.३ प्रतीचा भूकंप झाला. दीडशेंहून अधिक माणसें दगावलीं, हजारों घरें पडलीं. त्यापूर्वीं असा समज होता कीं, दख्खनचा काळा कातळ भक्कम आहे, तो हलत नाहीं. त्या पहांटेपासून तो समज गेला. जलाशयांतील पाण्याचा भार आणि खोल झिरपणारें पाणी यांमुळें आधींच ताणलेल्या भेगा सरकतात आणि असे धक्के बसतात, हें आतां जगभर मानलें जातें, आणि त्याचें सर्वांत ठळक उदाहरण म्हणून कोयनेचें नांव घेतात.

हे धक्के जेथें जन्मतात तेथपर्यंत भोंक पाडून पाहावें, म्हणून भारत सरकारच्या भूविज्ञान खात्यानें कोयनेच्या परिसरांत खोल विंधनांचें काम हातीं घेतलें. त्यासाठीं कऱ्हाडला एक संशोधनशाळाही काढली. रासाटी येथें काळा दगड ९३३ मीटरांवर संपला. गोठणें या गांवीं तीन किलोमीटर खोलीचें विंधन २०१७ सालीं पुरें झालें. तेथें तो १,२४७ मीटरांवर, म्हणजे चार हजार फुटांच्याही खालीं, संपला. त्या गांवाचें नांव गुरें विसावतात त्या गोठणीवरून पडलें असावें. परंतु गोठलेल्या समुद्राचा तळ गोठणें नांवाच्याच गांवीं हातीं लागावा, हा योगायोग गमतीचा खरा.

तळाशीं काय सांपडलें? ग्रॅनाइटाच्या जातीचा, अडीचशें कोटि वर्षांहूनही जुना खडक. वर ६ कोटि ६० लक्ष वर्षांपूर्वींचा शिलारस, लगेच खालीं अडीचशें कोटि वर्षांपलीकडचा पाया. दोहोंच्या मध्यें वाळू नाहीं, गाळ नाहीं, शंखशिंपले नाहींत. म्हणजे जवळजवळ दोनशें चाळीस कोटि वर्षें त्या दोन दगडांच्या सांध्यांत नाहींशीं झालीं आहेत. ककुद्मी राजाचीं सत्तावीस चतुर्युगें त्या सांध्यांत वीस वेळां मावतील. घाटांतल्या तांबड्या पट्ट्यांत काळ निदान मातीच्या रूपानें उरला होता. येथें तो रेघेपुरताही उरला नाहीं. त्या अवधींत जी माती झाली असेल ती सारी धुपून गेली असली पाहिजे. पुढें जाण्यापूर्वीं ही गोष्ट लक्षांत ठेवण्याजोगी आहे: माती राहिली तर काळ राहतो, माती गेली तर काळही जातो, आणि तो होता याचा पुरावा उरत नाहीं.

कोयनेच्या खोऱ्यांत पाऊस मोजतां मोजतां माणूस थकतो. त्याच सातारा जिल्ह्याच्या पूर्वेस माण आणि खटाव, आणि त्यांच्या पुढें सांगली जिल्ह्यांतील आटपाडी व जत हे तालुके सह्याद्रीच्या आडोशाला, पावसाच्या छायेंत पडतात. तेथें या गोठलेल्या समुद्राचें दुसरें रूप दिसतें. घट्ट काळ्या कातळांत पाणी मुरत नाहीं. पाणी राहतें तें मुरुमांत, भेगांत आणि बुडबुड्यांच्या खुणा असलेल्या त्या ठिसूळ दगडांत, ज्यास विहीर खणणारे मांजऱ्या म्हणतात. जुनी विहीर तीसचाळीस हात खणली जाई. तिला लागणारें पाणी गेल्या एकदोन पावसाळ्यांचें असे. पाऊस बरा झाला तर विहीर भरे, न झाला तर आटे. विहीर आणि आभाळ यांचा जमाखर्च वर्षाच्या वर्षाला मिटत असे.

मग बोअरचीं यंत्रें आलीं. सकाळीं यंत्र लागतें, आणि संध्याकाळपर्यंत तें कित्येक थर आणि त्यांतले गेरूचे पट्टे भेदून शेंकडों फूट खालीं जातें. हजारों वर्षांच्या पट्ट्यांतून जाण्यास त्यास कांहीं मिनिटें लागतात. खालच्या एखाद्या भेगेंत पाणी लागलें, तर घरांत आनंदाला पार राहत नाहीं. आणि तो आनंद खोटाही नसतो, कारण उभी बाग वाळत असलेल्या शेतकऱ्यास दुसरा मार्ग दिसत नाहीं. परंतु त्या खोल भेगेंत पाणी थेंबाथेंबानें, पुष्कळ वर्षांत उतरलेलें असतें, आणि पंप तें एकदोन उन्हाळ्यांत उपसतो. मग शेजारी आणखी शंभर फूट खोल जातो. येथें गोष्टींतल्या राजपुत्राचा प्रकार उलटा होतो: त्याची घटका जात होती आणि जगाचीं वर्षें जात होतीं, येथें खालच्या पाण्याचीं वर्षें माणूस घटकेंत खर्च करतो. ताकारी, म्हैसाळ, टेंभू या उपसा योजनांनीं कृष्णेचें पाणी या भागांत चढवलें, त्यानें कांहीं गांवांना मोठा आधार झाला. तरीही शिवारांतल्या ताली, बांध आणि समतल चर यांचें काम त्यानें संपत नाहीं. कारण पाणी पंपानें एका दिवसांत चढवतां येतें. पण तें मुरावयाला ज्या मातीचा आणि मुरुमाचा थर लागतो, तो कोणत्याही पंपानें चढवतां येत नाहीं. तो आहे तेथेंच अडवून धरावा लागतो.

शेवटीं नदीबरोबर सांगलीला यावें. महाबळेश्वरापासून जो काळा दगड कृष्णेनें झिजवला, त्याची माती तिनें वाटेंत दोन्ही कांठांना वांटून दिली. सांगलीच्या आसपासची काळी जमीन ही त्या दगडाची दुसरी अवस्था होय. तिच्यावर ऊंस उभा राहतो, हळद होते. सांगलीलगत हरिपूर येथें वारणा कृष्णेला मिळते. त्या गांवाची माती अशी घट्ट कीं, तिच्यांत वीसतीस फूट खोल पेवें खणून त्यांत हळद सांठवीत. पेवाचें तोंड अरुंद, पोट मोठें. हळद भरून तोंड बंद केलें म्हणजे ती कित्येक वर्षें न किडतां राहत असे. तिचा रंग आणि वास टिकत असे. बाहेर भाव चढत, उतरत. आंत मात्र जणुं एकच दिवस चाललेला असे. गोष्टींतल्या समुद्रासारखी, काळ थांबवणारी जागा म्हणावी तर ती हीच.

२००५ सालच्या पावसाळ्यांत कृष्णा आणि वारणा यांचें पाणी चढलें आणि पुष्कळशा पेवांत शिरलें. पेवें ढासळलीं, आंतली हळद गेली. त्यानंतर तो व्यापार गोदामांकडे आणि शीतगृहांकडे वळला. ज्या मातीस नदीनें युगानुयुगें बसवलें, जी ओळखून लोकांनीं पिढ्यान्‌पिढ्या पेवें राखलीं, त्या साऱ्याचा निकाल पुराच्या थोड्या दिवसांत लागला. पूर हाही, काळ्या कड्याप्रमाणें, एक घटना होता. पेवें आणि त्यांची विद्या हा तांबडा पट्टा होता.

घाटापासून संगमापर्यंत हा एकच धडा पुन्हां पुन्हां पुढें येतो. जें जाड, उंच आणि भव्य दिसतें, तें बहुधा लौकर झालेलें असतें. जें पातळ, मऊ आणि नजरेंतून निसटणारें असतें, त्यांत काळ सांठलेला असतो; आणि माणसें, गुरें, झाडें राहतात तीं त्या पातळ थरावर, कड्याच्या पोटांत नव्हे. दगड फोडून खडी करणाऱ्यानें कडा नेला, तर डोंगराचें रूप बिघडतें. परंतु त्यानें वरची माती प्रथम खरवडून दूर फेंकली, तेव्हांच खरा तोटा होऊन गेलेला असतो, आणि तो कोणत्याही पावतींत येत नाहीं.

उन्हाळ्याच्या सुट्टींत पुष्कळ कुटुंबें मुलांसह महाबळेश्वरास जातात. त्यांपैकीं कोणी आंबेनळीच्या घाटानें उतरेल, तर मोटार सुरक्षित जागीं थांबवून मुलांस त्या काळ्या भिंतीपाशीं न्यावें. कड्याची उंची तीं आपण होऊनच पाहतील; ती दाखवावी लागत नाहीं. मग त्यांना तांबड्या पट्ट्यावर तळहात ठेवावयास सांगावें. लहान मुलाचा तळहात त्या पट्ट्याइतकाच रुंद असतो. त्या तळहाताखालीं किती पावसाळे आहेत, याचा अंदाज त्यांनाच करूं द्यावा. एखादें मूल म्हणेल शंभर, एखादें म्हणेल पांचशें. दोघांनाही सांगावें कीं, अजून मोजत राहा.